साउंडीज

साउंडीज हे १९४० च्या दशकात अमेरिकेत नाणे टाकून चालणाऱ्या चित्रयंत्रांसाठी तयार करण्यात आलेले, सुमारे तीन मिनिटांचे कृष्णधवल संगीत-लघुपट होत. एका लघुपटात साधारणपणे एकच गाणे, वाद्यसंगीताची एक रचना किंवा एक नृत्य असे. हे लघुपट चित्रपटगृहांत नव्हे, तर मद्यालये, उपाहारगृहे, हॉटेले, रेल्वे व बस स्थानके आणि करमणुकीच्या दालनांत ठेवलेल्या ‘पॅनोरॅम’ नावाच्या यंत्रांवर दाखवले जात. यंत्रात दहा सेंटचे नाणे टाकले की एक लघुपट पाहायला मिळे. जानेवारी १९४१ पासून १९४७ पर्यंत त्यांचे नियमित वितरण झाले आणि या काळात अठराशेहून अधिक साउंडीज प्रदर्शित झाले.

व्यवसाय म्हणून हा प्रयोग अल्पजीवी ठरला. मात्र त्या काळातील जॅझ, स्विंग, ब्लूज, लॅटिन अमेरिकन व ग्रामीण अमेरिकन संगीताचा एक मोठा दृश्य ठेवा त्यातून मागे राहिला. विशेषतः ज्या आफ्रिकन-अमेरिकन कलावंतांना हॉलीवूडच्या चित्रपटांत दुय्यम किंवा अपमानकारक भूमिकांपलीकडे क्वचितच स्थान मिळे, त्यांना पडद्यावर पूर्ण तीन मिनिटे मुख्य कलावंत म्हणून उभे राहण्याची संधी या लघुपटांनी दिली. तीनशेहून अधिक साउंडीजमध्ये कृष्णवर्णीय कलावंत आहेत. साउंडीजच्या आजच्या महत्त्वाचे हे एक प्रमुख कारण मानले जाते.

पार्श्वभूमी

नाणे टाकून करमणूक मिळवण्याची कल्पना चित्रपटगृहापेक्षा जुनी आहे. टॉमस एडिसन यांच्या कंपनीच्या ‘किनेटोस्कोप’ या यंत्राचे दालन न्यूयॉर्क येथे १८९४ साली उघडले. त्या यंत्राच्या झरोक्यातून एका वेळी एकाच व्यक्तीला हलती चित्रे पाहता येत. ही चित्रे मूक होती. पुढे मोठ्या पडद्यावरील प्रक्षेपण रूढ झाले आणि झरोक्याची यंत्रे मागे पडली. १९२० च्या दशकाच्या उत्तरार्धात बोलपट आले, तेव्हा चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटापूर्वी गायक व वाद्यवृंद यांचे लघुपट दाखवण्याची प्रथा पडली. ब्लूज गायिका बेसी स्मिथ यांचा ‘सेंट लुईस ब्लूज’ आणि ड्यूक एलिंग्टन यांचा ‘ब्लॅक अँड टॅन’ हे १९२९ मधील दोन लघुपट त्या परंपरेतील आहेत. या दोन्हींचे दिग्दर्शक डडली मर्फी यांनी पुढे १९४१ मध्ये काही साउंडीजही दिग्दर्शित केले.

दुसरीकडे, १९३३ मध्ये अमेरिकेतील दारूबंदी उठली आणि नव्याने सुरू झालेल्या मद्यालयांत ज्यूकबॉक्सचा झपाट्याने प्रसार झाला. पाच सेंटचे नाणे टाकून हवी ती ध्वनिमुद्रिका निवडावी आणि ऐकावी, अशी ही सोय होती. ऐकण्याच्या या यंत्राला पाहण्याची जोड दिली तर त्याचे दुप्पट पैसे मिळतील, असा हिशेब काही उद्योजकांनी केला. त्यांपैकी शिकागो येथील मिल्स नॉव्हेल्टी कंपनी सर्वांत यशस्वी ठरली. जुगाराची नाणेयंत्रे बनवण्यासाठी ही कंपनी प्रसिद्ध होती. व्हायोलिन आणि पियानो आपोआप वाजवणारे ‘व्हायोलानो-व्हर्च्युओसो’ हे गाजलेले यंत्रही तिचेच होते, आणि ती ज्यूकबॉक्सही तयार करीत असे.

या उपक्रमात तत्कालीन राष्ट्राध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट यांचे पुत्र जेम्स रूझवेल्ट हे भागीदार म्हणून सामील झाले. त्यांच्या नावामुळे या योजनेला मोठी प्रसिद्धी मिळाली. सप्टेंबर १९४० मध्ये हॉलीवूड येथे यंत्राचे जाहीर प्रात्यक्षिक झाले. जेम्स रूझवेल्ट लवकरच मरीन दलाच्या सेवेत रुजू झाले, पण तोपर्यंत व्यवसायाचा पाया घातला गेला होता. लघुपटांच्या वितरणासाठी ‘साउंडीज डिस्ट्रिब्यूटिंग कॉर्पोरेशन ऑफ अमेरिका’ ही संस्था स्थापन करण्यात आली.

यंत्राची रचना व कार्य

पॅनोरॅम हे लाकडी कपाटासारखे उंच यंत्र होते. त्याच्या वरच्या भागात सुमारे दोन फूट रुंदीचा अर्धपारदर्शक पडदा आणि खालच्या भागात आरसीए कंपनीचा १६ मिमी प्रक्षेपक बसवलेला असे. प्रक्षेपकातून निघालेला प्रकाश आरशांवरून परावर्तित होऊन पडद्याच्या मागील बाजूस पडे आणि प्रेक्षकाला समोरून चित्र दिसे. त्यामुळे अंधाऱ्या खोलीची गरज नसे. माणसांची वर्दळ असलेल्या उजेडातील जागीही चित्र पाहता येई.

अशा मांडणीत प्रतिमेची डावी-उजवी बाजू उलटते. हा दोष टाळण्यासाठी पॅनोरॅमसाठीच्या प्रती मुळातच उलट्या छापल्या जात, म्हणजे यंत्राच्या पडद्यावर त्या सुलट दिसत. अशी मूळ प्रत साध्या प्रक्षेपकावर लावल्यास श्रेयनामावलीची अक्षरे आरशात पाहिल्यासारखी उलटी दिसतात आणि वादक डावरे भासतात. एखादी जुनी प्रत पॅनोरॅमसाठीची आहे की नाही, हे ओळखण्याची ही सोपी खूण आहे.

एका रिळावर आठ लघुपट एकापुढे एक जोडलेले असत. रिळाची दोन्ही टोके एकमेकांना जोडून अखंड वलय केलेले असल्यामुळे ते गुंडाळून पुन्हा लावावे लागत नसे. १६ मिमी बोलपटाची फीत मिनिटाला छत्तीस फूट या वेगाने सरकते. त्या हिशेबाने तीन मिनिटांच्या आठ लघुपटांचे वलय साडेआठशे फुटांच्या आसपास भरते. एक लघुपट संपला की यंत्र आपोआप थांबे आणि पुढचे नाणे पडले की त्यापुढचा लघुपट सुरू होई. दर आठवड्याला आठ लघुपटांचे नवे रीळ वितरित केले जाई. यंत्रे चालवणारे व्यावसायिक ते भाड्याने घेत.

या रचनेत एक मूलभूत उणीव होती. ज्यूकबॉक्सवर ग्राहक आपल्या पसंतीचे गाणे निवडू शके, पॅनोरॅमवर मात्र ती सोय नव्हती. वलयात जो लघुपट पुढे असेल, तोच पाहावा लागे. आवडीचा लघुपट नुकताच संपला असेल, तर तो पुन्हा पाहण्यासाठी मधल्या सात लघुपटांचे सत्तर सेंट आणि त्याचे स्वतःचे दहा, असे एकूण ऐंशी सेंट मोजावे लागत. त्या वेळी अमेरिकेतील कायदेशीर किमान वेतन ताशी तीस सेंट होते. म्हणजे आवडीचे तीन मिनिटांचे गाणे पुन्हा पाहण्यासाठी कामगाराची अडीच तासांहून अधिक मजुरी खर्ची पडली असती.

निर्मिती

साउंडीजची निर्मिती प्रामुख्याने हॉलीवूड आणि न्यूयॉर्क या दोन केंद्रांत होत असे. हॉलीवूड येथील ‘आरसीएम प्रॉडक्शन्स’ या संस्थेचे नाव रूझवेल्ट, कॉस्लो आणि मिल्स या तिघांच्या आद्याक्षरांवरून पडले होते. यांपैकी सॅम कॉस्लो हे प्रसिद्ध गीतकार होते. न्यूयॉर्कमधील निर्मिती आरंभी मिल्स कंपनीच्याच ‘मिनोको प्रॉडक्शन्स’कडे होती. नंतरच्या काळात तेथील बहुतांश काम विल्यम फॉरेस्ट क्राउच यांनी सांभाळले. जोसेफ बर्न हे या लघुपटांचे आणखी एक महत्त्वाचे दिग्दर्शक होते.

खर्च आणि वेळ दोन्ही मर्यादित असत. आधी गाण्याचे ध्वनिमुद्रण होई. नंतर ते मुद्रण वाजवून त्याबरहुकूम कलावंत ओठ हलवीत आणि वादक वाजवण्याचा अभिनय करीत, त्याचे चित्रण केले जाई. भारतीय वाचकाला ही पद्धत चित्रपटगीतांमुळे परिचित आहे. फरक इतकाच की, पार्श्वगायनात आवाज एकाचा आणि चेहरा दुसऱ्याचा असतो, तर साउंडीजमध्ये गायक बहुधा स्वतःच्याच आवाजावर ओठ हलवी. काही ठिकाणी मात्र ध्वनिमुद्रणातील वादक आणि पडद्यावरील वादक वेगळे आहेत. त्यामुळे एखाद्या साउंडीचा ऐतिहासिक पुरावा म्हणून उपयोग करताना, दिसणारा कलावंत आणि ऐकू येणारा कलावंत एकच आहे का, हे अभ्यासकांना तपासून घ्यावे लागते.

एकाच नेपथ्यावर थोडे फेरफार करून अनेक लघुपट उरकले जात आणि एका दिवसात एकाहून अधिक गाणी चित्रित होत. कथानकाला फारसा वाव नसे. बागेत भेटणारे प्रेमी, रस्त्याच्या कोपऱ्यावरचे नर्तक, घरगुती मेजवानी किंवा रात्रक्लबातील कार्यक्रम अशी एखादी सोपी कल्पना गाण्याभोवती गुंफली जाई. मद्यालयातील गिऱ्हाईक कोणत्या क्षणी मान वर करून पाहील याचा नेम नसल्यामुळे प्रत्येक दृश्य तत्काळ समजेल असे ठेवण्याकडे दिग्दर्शकांचा कल असे.

कलावंत

कीर्तीच्या शिखरावरील वाद्यवृंदप्रमुखांपासून अगदी नवख्या गायकांपर्यंत अनेकांनी साउंडीजमध्ये काम केले. ड्यूक एलिंग्टन, काउंट बेसी, कॅब कॅलोवे, लुई आर्मस्ट्राँग, फॅट्स वॉलर, जीन क्रुपा आणि स्टॅन केंटन हे त्यांतील जॅझ क्षेत्रातील मोठे कलावंत होत. स्पाइक जोन्स यांची विनोदी गाणी, मर्ल ट्रॅव्हिस यांचे ग्रामीण ढंगाचे गायन, तसेच रुंबासारखी लॅटिन अमेरिकन नृत्ये यांनाही या रिळांत जागा मिळाली. पुढे प्रसिद्धीस आलेल्या डोरिस डे, लिबरेस, रिकार्डो मोंटाल्बान आणि सिड चॅरिस यांचे पडद्यावरील आरंभीचे दर्शन साउंडीजमध्ये घडते.

एलिंग्टन यांच्या वाद्यवृंदाचे लघुपट १९४१ च्या अखेरीस चित्रित झाले. त्यांपैकी ‘हॉट चॉकलेट’ या लघुपटात ‘कॉटन टेल’ या रचनेवर व्हायटीज लिंडी हॉपर्स हा हार्लेमचा नर्तकसंघ नाचतो. लिंडी हॉप या नृत्यप्रकाराच्या उत्तम चित्रित नमुन्यांत त्याची गणना होते. ‘जॅम सेशन’ या लघुपटात वादक एकामागून एक येऊन वादनात सामील होतात आणि ‘सी जॅम ब्लूज’ ही रचना क्रमाक्रमाने उभी राहते. बेन वेबस्टर, रे नान्स, रेक्स स्टुअर्ट, बार्नी बिगार्ड आणि जो नॅन्टन या वादकांचे एकेरी वादन त्यात पाहायला मिळते. २००१ मध्ये ‘जॅम सेशन’चा समावेश अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत करण्यात आला.

फॅट्स वॉलर यांचे ‘एन्ट मिसबिहेविन’, ‘हनीसकल रोज’, ‘युअर फीट्स टू बिग’ आणि ‘द जॉइंट इज जंपिन’ असे चार साउंडीज आहेत. डिसेंबर १९४३ मध्ये अवघ्या एकोणचाळिसाव्या वर्षी वॉलर यांचे निधन झाले. भुवया उडवीत, पियानोवर बोटे फिरवता फिरवता प्रेक्षकांशी लाडिक कुरापत काढण्याची त्यांची शैली ध्वनिमुद्रिकेत अर्धीच पोहोचते, तिचे उरलेले अर्धे अंग या चार लघुपटांत पाहता येते. सिस्टर रोझेटा थार्प यांनी लकी मिलिंडर यांच्या वाद्यवृंदासह केलेले १९४१ मधील लघुपटही असेच महत्त्वाचे आहेत. रॉक संगीताच्या पूर्वसूरींपैकी एक म्हणून थार्प यांना २०१८ मध्ये रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये स्थान देण्यात आले.

लुई जॉर्डन यांनी साउंडीजचा व्यावसायिक उपयोग सर्वांत चतुराईने करून घेतला. त्यांचा ‘कॅल्डोनिया’ हा १९४५ मधील लघुपट आफ्रिकन-अमेरिकन वस्त्यांतील चित्रपटगृहांत स्वतंत्रपणे दाखवला गेला आणि त्यातील गाणी वेगळी करून साउंडीज म्हणूनही वितरित झाली. त्याच्या यशामुळे जॉर्डन यांना पूर्ण लांबीच्या चित्रपटांत प्रमुख भूमिका मिळाल्या.

वर्णभेद आणि साउंडीज

साउंडीजच्या काळातील अमेरिका कायद्याने आणि रूढीने विभागलेली होती. दक्षिणेकडील राज्यांत शाळा, बस आणि चित्रपटगृहे यांत कृष्णवर्णीयांना वेगळे ठेवले जाई. दुसऱ्या महायुद्धात लढणाऱ्या अमेरिकी सैन्यातही वर्णानुसार वेगळ्या तुकड्या होत्या आणि ती पद्धत बंद करण्याचा आदेश १९४८ मध्ये निघाला. हॉलीवूडच्या चित्रपटांत कृष्णवर्णीय नट-नट्यांना प्रायः मोलकरीण, हमाल किंवा आळशी विदूषक अशा भूमिका दिल्या जात. लीना हॉर्न यांच्यासारख्या गायिकेची गाणी मोठ्या चित्रपटांत घेतली जात, पण ती कथानकापासून सुटी ठेवली जात. दक्षिणेत प्रदर्शन करताना ती कापून टाकली तरी चित्रपटाची संगती बिघडू नये, हा त्यामागील हेतू असे.

साउंडीजमध्ये असे कापणे निरर्थक होते, कारण गाणे हाच संपूर्ण चित्रपट होता. कलावंत कृष्णवर्णीय असेल तर आरंभापासून शेवटपर्यंत तोच पडद्यावर असे. शिवाय निवडीची सोय नसल्यामुळे, श्वेतवर्णीय गायकाच्या अपेक्षेने नाणे टाकणाऱ्या ग्राहकापुढे एलिंग्टन किंवा जॉर्डन यांचा लघुपट येण्याची शक्यता असे. यंत्राची जी रचना व्यवसायाला मारक ठरली, तिनेच या कलावंतांना कधीकधी अनपेक्षित प्रेक्षक मिळवून दिले, असे म्हणता येते.

डोरोथी डँड्रिज यांचे साउंडीज या दृष्टीने विशेष अभ्यासनीय आहेत. ‘अ झूट सूट’ आणि ‘काउ काउ बूगी’ या १९४२ मधील लघुपटांत त्या ऐटबाज, विनोदी आणि आत्मविश्वासाने वावरणारी तरुणी म्हणून दिसतात. ‘पेपर डॉल’मध्ये त्या मिल्स ब्रदर्स या गायकबंधूंसमवेत आहेत. मात्र ‘लेझीबोन्स’ या लघुपटात श्वेतवर्णीय गीतकार होगी कारमायकेल पियानोशी बसलेले असताना डँड्रिज यांच्या वाट्याला घरकाम करणाऱ्या मुलीची भूमिका आली आहे. एकाच अभिनेत्रीच्या या दोन रूपांवरून साउंडीजमधील शक्यता आणि मर्यादा या दोन्हींची कल्पना येते. पुढे ‘कार्मेन जोन्स’ या १९५४ मधील चित्रपटासाठी ऑस्करच्या सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीच्या पुरस्काराचे नामांकन मिळवणाऱ्या त्या पहिल्या आफ्रिकन-अमेरिकन स्त्री ठरल्या.

ही मर्यादा इतरत्रही जाणवते. लुई आर्मस्ट्राँग यांच्या ‘स्लीपी टाइम डाउन साउथ’ या लघुपटात कापसाचे गठ्ठे आणि पेंगणारा मजूर अशी दक्षिणेची जुनी, साचेबंद चित्रे वापरली आहेत. काही लघुपटांत आफ्रिकेतील जंगलाचे हास्यास्पद देखावे आहेत. त्यामुळे साउंडीजना वर्णद्वेषापासून मुक्त म्हणणे योग्य ठरणार नाही. तरीही नीटनेटक्या पोशाखातील जोडपी, शहरी घरातील मेजवानी किंवा आपल्या कलेत रमलेले वादक अशी कृष्णवर्णीय जीवनाची साधी दृश्ये, जी हॉलीवूडमध्ये दुर्मीळ होती, ती येथे वारंवार भेटतात. या पैलूचा सविस्तर अभ्यास सुसान डेल्सन यांनी २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात केला आहे.

दोन वर्णांचे कलावंत एकत्र आणणारे साउंडीज संख्येने थोडे आहेत. जीन क्रुपा यांच्या वाद्यवृंदाच्या ‘लेट मी ऑफ अपटाउन’ या १९४२ मधील लघुपटात श्वेतवर्णीय गायिका अनिता ओ’डे आणि कृष्णवर्णीय ट्रम्पेटवादक रॉय एल्ड्रिज हे बरोबरीच्या नात्याने थट्टामस्करी करताना दिसतात. प्रत्यक्षात याच वाद्यवृंदाबरोबर दौरे करताना एल्ड्रिज यांना हॉटेलात खोली नाकारली जाणे यांसारखे अपमान सोसावे लागत होते. पडद्यावरील तीन मिनिटांची ही बरोबरी त्यामुळेच उल्लेखनीय ठरते. ‘इंटरनॅशनल स्वीटहार्ट्स ऑफ रिदम’ हा विविध वर्णांच्या स्त्रियांचा वाद्यवृंदही १९४६ च्या साउंडीजमध्ये आहे. मिसिसिपी राज्यातील पायनी वुड्स शाळेतून त्याचा उगम झाला होता. त्यांचे चित्रण विल्यम अलेक्झांडर या आफ्रिकन-अमेरिकन निर्मात्याने केले होते.

ऱ्हास

साउंडीजच्या व्यवसायाला आरंभीच अनेक आघात सोसावे लागले. डिसेंबर १९४१ मध्ये अमेरिका दुसऱ्या महायुद्धात उतरली. धातू व इतर साहित्य युद्धसामग्रीसाठी राखून ठेवण्यात आल्यामुळे १९४२ मध्ये नव्या पॅनोरॅमचे उत्पादन थांबले. यंत्रांची संख्या काही हजारांवरच अडल्याने लघुपटांच्या निर्मितीवर अधिक खर्च करणे परवडेनासे झाले.

त्याच वर्षी, १ ऑगस्ट १९४२ रोजी, जेम्स पेट्रिलो यांच्या नेतृत्वाखालील अमेरिकी वादक संघटनेने ध्वनिमुद्रणावर बहिष्कार पुकारला. ध्वनिमुद्रिका व ज्यूकबॉक्स यांमुळे प्रत्यक्ष वादन करणाऱ्यांचा रोजगार बुडतो आणि त्याची भरपाई मिळाली पाहिजे, अशी संघटनेची भूमिका होती. मोठ्या ध्वनिमुद्रिका कंपन्यांशी तडजोड होऊन हा बहिष्कार पूर्णपणे मिटण्यास नोव्हेंबर १९४४ उजाडले. दरम्यान साउंडीजच्या निर्मात्यांनी वाद्यांच्या साथीविना गाणारे गायकसमूह, पूर्वी मुद्रित केलेला ध्वनी आणि जुन्या लघुपटांतील दृश्ये यांवर वेळ निभावून नेली.

यंत्राच्या अर्थकारणातही अडचण होती. ज्यूकबॉक्सच्या तुलनेत दर दुप्पट होता. त्याशिवाय एकाने नाणे टाकले की भोवतालचे सर्वजण फुकट पाहत. चित्र पाहण्यात गुंतलेले गिऱ्हाईक खाण्यापिण्याकडे दुर्लक्ष करते, अशी दुकानदारांची तक्रार असे. युद्धानंतर दूरचित्रवाणीचे संच मद्यालयांत येऊ लागले आणि तेथे नाणे टाकण्याची गरजच उरली नाही. १९४६ च्या सुमारास नवी निर्मिती मंदावली आणि १९४७ मध्ये साउंडीजचे वितरण बंद पडले. उरलेल्या यंत्रांपैकी अनेकांचे रूपांतर झरोक्यातून उत्तान चित्रे दाखवणाऱ्या यंत्रांत करण्यात आले.

नंतरचे उपयोग व वारसा

साउंडीज बंद झाल्यावर कॅसल फिल्म्स, ऑफिशियल फिल्म्स यांसारख्या कंपन्यांनी त्यांच्या प्रती घरगुती प्रक्षेपकांसाठी विकल्या. नवजात दूरचित्रवाणी केंद्रांनीही कार्यक्रमांमधील रिकाम्या जागा भरण्यासाठी त्यांचा वापर केला. दूरचित्रवाणीसाठीच मुद्दाम तयार केलेले तत्सम लघुपट, उदाहरणार्थ लुई स्नेडर यांचे ‘टेलिस्क्रिप्शन्स’, १९५० च्या दशकाच्या आरंभी आले. साउंडीजमध्ये ‘फ्रिम फ्रॅम सॉस’सारखी गाणी सादर केलेले नॅट किंग कोल त्यांतही झळकले.

नाणे टाकून चित्रगीत पाहण्याची कल्पना यानंतर युरोपात पुन्हा उचलली गेली. फ्रान्समधील ‘स्कोपिटोन’ आणि इटलीतील ‘सिनेबॉक्स’ ही त्यांतील प्रमुख यंत्रे होत. १९६० मध्ये बाजारात आलेल्या स्कोपिटोनमध्ये रंगीत १६ मिमी चित्रफिती वापरल्या जात आणि छत्तीस गीतांतून हवे ते निवडता येई. पॅनोरॅमचा मुख्य दोष त्यात दूर झाला होता. १९६० च्या दशकाच्या मध्यास ही यंत्रे अमेरिकेतही पोहोचली, तथापि दशकाच्या अखेरीस त्यांचीही लोकप्रियता ओसरली.

साउंडीजना अनेकदा संगीत-चित्रफितींचे, म्हणजे १ ऑगस्ट १९८१ रोजी सुरू झालेल्या एमटीव्ही वाहिनीमुळे सर्वपरिचित झालेल्या म्युझिक व्हिडिओंचे, पूर्वज म्हटले जाते. लांबी, एकच गीत आणि दृश्यकल्पनेची मांडणी या बाबतींत हे साम्य खरे आहे. दोहोंच्या हेतूंत मात्र फरक आहे. म्युझिक व्हिडिओ हा मुख्यतः ध्वनिमुद्रिकेची जाहिरात म्हणून तयार होतो आणि प्रेक्षकाला तो विनामूल्य दिसतो. साउंडी हीच विक्रीची वस्तू होती आणि तिची किंमत दर वेळी दहा सेंट होती.

जतन आणि अभ्यास

साउंडीज आठवडाभर चालवून बदलण्यासाठी बनवले गेले होते, टिकवण्यासाठी नव्हे. तरीही ते मोठ्या संख्येने उरले, याची दोन कारणे दिसतात. १६ मिमी फीत ही त्या काळच्या चित्रपटगृहांतील ज्वालाग्राही नायट्रेट फितीसारखी नसून सुरक्षित ॲसिटेट आधारावर तयार केलेली असे, आणि घरगुती विक्रीमुळे प्रती संग्राहकांच्या हाती विखुरल्या गेल्या. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेससह काही संग्रहालयांत आज साउंडीज जतन केलेले आहेत. २००७ मध्ये अमेरिकी सार्वजनिक दूरचित्रवाणीवर त्यांच्याविषयी माहितीपट प्रसारित झाला. २०२३ मध्ये सुसान डेल्सन यांच्या निवडीतून दोनशे साउंडीजचा संच किनो लॉर्बर या संस्थेने प्रकाशित केला. त्याच वर्षी मार्क कॅन्टर यांचा साउंडीजचा इतिहास व तपशीलवार सूची असलेला ग्रंथही प्रसिद्ध झाला.

या सूचीकार्याचे महत्त्व केवळ संग्राहकांपुरते नाही. लघुपटाच्या श्रेयनामावलीत मुख्य कलावंताचे नाव असे, पण मागे वाजवणारे वादक, कोपऱ्यात नाचणारे जोडपे किंवा समूहात गाणारी मुलगी यांची नावे बहुधा दिलेली नसत. ध्वनिमुद्रणाच्या नोंदी, वेतनाचे कागद आणि छायाचित्रे पडताळून अभ्यासकांनी यांतील अनेकांची ओळख पटवली आहे. चेहरा पडद्यावर राहिला, पण नाव हरवले, अशा कलावंतांना त्यांचे नाव परत मिळवून देण्याचे हे काम अद्याप चालू आहे.